शेऱ्याचा रकाना

गेल्या महिन्यात अड्यारला एका लग्नात जेवताना माझ्या शेजारी बँकेतून निवृत्त झालेले एक मराठी गृहस्थ बसले होते. चेन्नईला कंटाळलो म्हणाले. उन्हाळ्यात पाण्याचे टँकर, डिसेंबरात घरात गुडघाभर पाणी. आता एका छोट्या गावात घर बघून ठेवलंय. राहण्याजोग्या छोट्या शहरांच्या यादीत ते पहिलं आलं होतं. त्यांनी गावाचं नाव सांगितलं आणि माझा हात पानावर तसाच राहिला. त्या यादीसाठी त्या गावातली घरं मीच पालथी घातली होती. मी त्यांना म्हटलं, जाण्याआधी तिथल्या रुग्णालयात भूल देणारा डॉक्टर आहे का तेवढं विचारा. ते हसले आणि म्हणाले, अहो, यादीत आरोग्याला पैकीच्या पैकी गुण आहेत.

ते गुण कसे पडले ते मला माहीत आहे. त्यात माझाही हात आहे, म्हणून लिहायला बसले.

यजमानांची बदली मद्रासला झाली तेव्हा मी सांगलीहून इथे आले. तमिळ भाजीवाल्यांकडून आणि शेजारणींकडून शिकले. मुलं मोठी झाल्यावर गिंडीच्या औद्योगिक वसाहतीत एका संस्थेत नोकरी धरली. खाली लेथ चालायचे, वर आमचं ऑफिस. दिवसभर टेबलं थरथरायची. आमचं काम पाहणीचं. कुठल्या तरी खात्याला, कधी बँकेला, कधी घरं बांधणाऱ्या कंपनीला जाणून घ्यायचं असे की छोट्या गावांपैकी कुठलं राहायला बरं. मग आम्ही गावोगाव जायचो, घराघरांतून एकच फॉर्म भरून आणायचो आणि त्यावरून गावांना गुण पडायचे. मी पर्यवेक्षक होते. अठरा वर्षं तेच केलं.

बाहेरच्यांना वाटतं, चार ओळखीच्यांना विचारलं की झाली पाहणी. तसं नसतं. गावातल्या गल्ल्या चिठ्ठ्या टाकून काढायच्या, गल्लीत उजव्या हाताने चालायचं आणि दर दहावं घर घ्यायचं. दहाव्या घराला कुलूप असलं तर परत यायचं. शेजारची बाई बोलघेवडी आहे, कॉफी देते, म्हणून तिचं घर घ्यायचं नाही. माझ्या हाताखालच्या मुली फॉर्म भरायच्या आणि त्यांनी केलेल्या घरांपैकी काहींत मी पुन्हा जाऊन तेच प्रश्न विचारायची. मुलगी खरोखर गेली होती की झाडाखाली बसून फॉर्म रंगवला, ते त्यातून कळतं. मला फसवणं सोपं नव्हतं. एका गावात नगरपालिकेने आम्ही येणार म्हणून बाजाररस्त्याच्या दोन्ही बाजूंना फुलझाडांच्या कुंड्या मांडल्या होत्या. दोन दिवसांनी पुढच्या गावी गेलो तर त्याच कुंड्या रस्त्याच्या कडेला उभ्या. एकीच्या काठाचा टवका उडाला होता, तो मी ओळखला. तिथल्या अधिकाऱ्याला विचारलं, आमच्या आधी पोचल्या वाटतं? त्याने नर्सरीवाल्याला शिव्या घातल्या.

असलं सगळं लिहायला फॉर्मच्या शेवटी एक रकाना होता. शेरा. बाकीच्या प्रश्नांची उत्तरं हो किंवा नाही, नाही तर आकडा. घरात नळ आहे का? हो. पण नळाला पाणी फक्त मंगळवारी येतं, हे शेऱ्यात. गावात वाचनालय आहे का? हो. त्याची किल्ली जिच्याकडे आहे ती बाई गाव सोडून गेली, हेही शेऱ्यात. नव्या मुली आल्या की मी त्यांना बजावायची की बाकी फॉर्म कोणीही भरेल, तुमची अक्कल या रकान्यात दिसते. माणूस बोलत असताना त्याला तोडू नका. जागा कमी पडली तर मागच्या बाजूला लिहा. मुली मनापासून लिहायच्या. मला त्याचा अभिमान होता.

तीन वर्षांपूर्वी एका मोठ्या यादीचं काम आलं. त्यात ते गाव होतं. खरं नाव लिहीत नाही, पुदूर म्हणते. पुदूर म्हणजे नवं गाव, आणि तमिळनाडूत पुदूर शोधायला निघालात तर दर तालुक्यात एखादं सापडेल. गाव दिसायला छान. नवं बसस्टँड, रुंद रस्ते, तळ्याभोवती फिरायला फरसबंदी वाट. सरकारी रुग्णालयाची तीन मजली नवी इमारत, बाहेरून फिक्या गुलाबी रंगाची. आमच्या मुली खूश होत्या. मलाही आवडलं. यजमान गेल्यानंतरचे दिवस होते ते. इथे एखादी खोली घेऊन राहावं, असंही मनात येऊन गेलं.

फेरतपासणीला माझ्या वाट्याला आलेलं एक घर सेल्वीचं होतं. सेल्वी चाळिशीच्या आतबाहेरची, नवरा लॉरीवर, एक मुलगी कॉलेजात. सकाळी अकराच्या सुमारास ती ओसरीवर मोगऱ्याचे गजरे ओवत बसली होती. माझ्या प्रश्नांना हात न थांबवता उत्तरं देत होती. पाणी, दिवे, बस, शाळा. मग आरोग्याचा प्रश्न आला. प्रसूतीची सोय असलेलं सरकारी रुग्णालय घरापासून दोन किलोमीटरच्या आत आहे का? आधीच्या मुलीने हो लिहिलं होतं. रुग्णालय ओसरीवरून दिसत होतं. मी विचारायचं म्हणून विचारलं.

सेल्वीने सुई गजऱ्यात खोचून ठेवली. म्हणाली, "आहे, अम्मा. तुम्ही काय लिहिलं?"

मी सांगितलं, हो लिहिलंय.

"मग माझ्या बहिणीला तिथून का पाठवली, तेही लिहा."

बहिणीचं नाव मलर. चोवीस वर्षांची, पहिलं बाळंतपण, माहेरपणाला सेल्वीकडे आलेली. कळा सुरू झाल्यावर दोघी चालत रुग्णालयात गेल्या, इतकं ते जवळ. नर्सने तपासलं आणि दुपारी बारापर्यंत तिच्या लक्षात आलं की मूल अडलंय, ऑपरेशन करावं लागणार. ऑपरेशनची खोली होती. टेबल होतं, वर मोठा दिवा होता. बायकांची डॉक्टर आठवड्यातून दोनदा यायची, त्या दिवशी ती आलेलीही होती. भूल देणारा डॉक्टर मात्र इमारत झाल्यापासून नेमलाच नव्हता. मलरला जिल्ह्याच्या गावी पाठवली. ॲम्ब्युलन्स वेळेवर आली, ड्रायव्हरने गाडी जोरात हाकली, त्यात कोणाची चूक नव्हती. सेल्वी सलाईनची बाटली हातात धरून शेजारी बसली होती. जिल्ह्याचं रुग्णालय दिसायला लागलं तेव्हा बाटली रिकामी झाली नव्हती, पण मलर बोलायची थांबली होती. मूलही वाचलं नाही.

हे सांगताना सेल्वी रडली नाही. मी सगळं शेऱ्यात लिहिलं, मागच्या बाजूलाही लिहिलं. तिने मला वाचून दाखवायला सांगितलं. मी वाचलं. एके ठिकाणी मी मलरचं वय पंचवीस लिहिलं होतं, ते तिने दुरुस्त करायला लावलं. मग विचारलं, "हे तुमचे साहेब वाचतील ना?"

मी म्हटलं, वाचतील. अगदी सहज म्हटलं. वाचत असणारच, असंच मला वाटत होतं.

त्याच दुपारी मी रुग्णालयात गेले. नर्स पन्नाशीची, दमलेली बाई. आधी मला तपासणीवाली समजून तिने रजिस्टरं काढली. मी सेल्वीचं नाव घेतल्यावर तिने ती मिटली आणि मला वरच्या मजल्यावर नेऊन ऑपरेशनची खोली दाखवली. टेबलावरचं प्लास्टिक अजून काढलेलं नव्हतं. भूलतज्ज्ञ द्या म्हणून ती दर महिन्याला वर लिहीत होती, आणि दर महिन्याला ज्यांचं अडलं त्यांना पुढे पाठवत होती. बहुतेक जणी वाचत, असं तिने सांगितलं. बहुतेक हा शब्द म्हणताना तिने खिडकीबाहेर बघितलं.

गिंडीला परतल्यावर आठवडाभराने मी श्रीनिवासरावांकडे गेले. आमचे गुणांचे हिशेब तेच करायचे. तंजावरकडचे मराठी, घरात अजूनही राजांच्या काळातली मराठी बोलतात, मध्ये मध्ये तमिळ येते. मला अक्का म्हणायचे. माणूस भला, कधी कोणाशी वाकडं नाही. त्यांनी संगणकावर पुदूर उघडून दाखवलं. आरोग्यापुढे पैकीच्या पैकी. खाटा भरपूर, अंतर कमी, प्रसूतीची सोय हो.

मी विचारलं, शेऱ्यात जे लिहिलंय त्याचे गुण कुठे कापले?

श्रीनिवासराव चष्मा पुसायला लागले. मग हळूच म्हणाले, "अक्का, तो रकाना कोण्ही वाचत नाहीं."

मला आधी कळलंच नाही. त्यांनी समजावून सांगितलं. हो-नाही आणि आकडे संगणकात भरले जातात. शेऱ्यातला मजकूर भरायला माणसं लागतात, वेळ लागतो, शिवाय त्याला गुण कसे द्यायचे ते कोणी ठरवलेलं नाही. म्हणून तो भरतच नाहीत. फॉर्मचे गठ्ठे बांधून खालच्या कारखान्यामागच्या गोदामात ठेवतात, मुदत संपली की रद्दीत जातात. या पाहणीचंच असं आहे का, मी विचारलं. ते म्हणाले, सुरुवातीपासून असंच आहे, मला वाटलं तुम्हाला ठाऊक असेल.

अठरा वर्षं. मंगळवारचं पाणी, वाचनालयाची किल्ली, कुंड्या, आणि शेकडो बायकांनी हातातलं काम बाजूला ठेवून सांगितलेलं सगळं. मी मुलींना मागच्या बाजूलाही लिहायला लावत होते. एखादीने दोनच ओळी लिहिल्या तर तिला परत त्या घरी पाठवत होते. मी श्रीनिवासरावांवर ओरडले. त्या बिचाऱ्यांवर ओरडून उपयोग नव्हता, पण ओरडले. ते उठले आणि गोदामाची किल्ली माझ्यापुढे ठेवून जेवायला निघून गेले.

पुढचे तीन आठवडे मी जेवणाच्या सुट्टीत पुदूरचे फॉर्म काढून शेरे टाईप केले. रुग्णालयातून पुढे पाठवलेल्या बाईची हकिगत सेल्वीशिवाय आणखी सहा घरांनी सांगितली होती. एका घरात बाई वाचली, मूल गेलं. एका घरात दोघं वाचली, पण नवऱ्याची म्हैस गाडीभाड्यापायी गेली. वेगवेगळ्या मुलींनी, वेगवेगळ्या गल्ल्यांत, एकमेकींशी न बोलता लिहिलेलं. ती पानं घेऊन मी आमच्या डायरेक्टर साहेबांकडे गेले.

साहेबांना वाईट म्हणता येणार नाही. सगळी पानं त्यांनी माझ्यासमोर वाचली. मग शांतपणे समजावलं की तुलना करायची तर सगळ्या गावांना एकच प्रश्न विचारावा लागतो, आणि प्रश्न ज्यांनी काम दिलं त्यांनी मंजूर केलेत. मध्येच एका गावाचे गुण कापले तर उद्या ते गाव कोर्टात जाईल. शेवटी म्हणाले, "मॅडम, हे किस्से आहेत. किश्श्यांची सरासरी काढता येत नाही."

उत्तर मला गिंडी स्टेशनच्या जिन्यावर सुचलं. बहुतेक बायकांचं बाळंतपण कुठल्याही गावात सुखरूप होतं, घरात सुईणीच्या हातूनही होतं. रुग्णालय बांधायचं ते जिचं अडतं तिच्यासाठी. मग गाव चांगलं की वाईट हे तिला विचारायचं की जिचं अडलंच नाही तिला? दुसऱ्या दिवशी हे त्यांना सांगायला गेले. ते म्हणाले, मुद्दा चांगला आहे, पुढच्या पाहणीच्या वेळी बघू. पुढच्या पाहणीपर्यंत ज्या अडतील त्यांनी काय करायचं, हे मी विचारलं. त्यावर त्यांनी फोन उचलला.

यादी लागली. पुदूर पहिलं आलं. नगराध्यक्षांनी कल्याण मंडपात समारंभ ठेवला आणि आम्हालाही बोलावलं. मला जायचं नव्हतं. साहेबच म्हणाले, काम तुमच्या मुलींनी केलंय, तुम्ही स्टेजवर असायला हवं. गावात शिरताना प्रत्येक खांबावर फलक होता, आणि फलकावर त्या गुलाबी इमारतीचा फोटो. रागाने माझे कान तापले. इतक्या वर्षांत कामावर असताना असा राग मला आला नव्हता.

मंडप भरला होता. आम्हाला पोन्नाडै घातल्या, म्हणजे सत्काराच्या जरीकाठी शाली. मग निवेदक म्हणाला, या मॅडम महाराष्ट्राच्या असून किती छान तमिळ बोलतात, त्यांनी दोन शब्द बोलावेत. मी बोलणार आहे हे मलाही माहीत नव्हतं. माईकपाशी गेले आणि सेल्वीचं नाव न घेता, गल्ली न सांगता, मलरची हकिगत सांगितली. ऑपरेशनच्या टेबलावरचं प्लास्टिक सांगितलं. शेवटी म्हटलं, "तुमच्या गावाला आरोग्याचे पूर्ण गुण आम्ही दिले. ते चुकीचे आहेत. मला माफ करा आणि डॉक्टर मागा."

कोणी टाळी वाजवली नाही. तिसऱ्या रांगेत ती नर्स बसली होती. ती माझ्याकडे एकटक बघत होती. नगराध्यक्ष उठले, हात जोडले, आणि म्हणाले की अम्मांच्या सूचनेची नोंद घेतली आहे. मग भरतनाट्यम सुरू झालं.

परतीच्या गाडीत चेंगलपट्टू आल्यावर साहेब माझ्याकडे वळले. म्हणाले, तुम्ही बोललात ते बरोबर होतं, पण ती जागा नव्हती. मी म्हटलं, "जागा कुठली ते सांगा साहेब, मी तिथे जाऊन बोलते." पुढच्या महिन्यापासून मला गावांना पाठवणं बंद झालं. टेबलावर बसून मी फॉर्मांचे अनुक्रमांक तपासत होते. निवृत्तीला सात महिने होते, ते तसेच काढले. श्रीनिवासरावांनी एकदाच विषय काढला. मी होतों तुमच्या जागी तर बोललो नसतों, म्हणाले, आणि खाली बघितलं.

पुदूरच्या नर्सचा दोनदा फोन आला. पहिला समारंभानंतर तीन-चार महिन्यांनी. मंडपातल्या काही बायका जाऊन नगराध्यक्षांच्या दारात बसल्या होत्या आणि आठवड्यातून तीन दिवस भूल देणारा डॉक्टर मिळाला होता. टेबलावरचं प्लास्टिक तिने स्वतः फाडून टाकलं, असं हसत सांगितलं. दुसरा फोन पावसाळ्यानंतर. डॉक्टरची बदली झाली, त्याच्या जागी कोणी आलेलं नाही. फलक मात्र अजून खांबांवर आहेत, म्हणाली.

सेल्वीकडे माझा नंबर होता, पण तिने कधी फोन केला नव्हता. मीही तिला तोंड दाखवलं नव्हतं. तुमचे साहेब वाचतील ना, याला मी जे उत्तर दिलं होतं ते मला खायचं. या वर्षी पोंगलनंतर तिचा फोन आला तो एन्नोरवरून, चेन्नईच्या उत्तर टोकाच्या बंदरावरून. मुलीचं, देवीचं, लग्न झालं होतं आणि तिला दिवस गेले होते. ते कळल्याच्या दुसऱ्या आठवड्यात सेल्वीने पुदूरचं घर बंद केलं आणि देवीला घेऊन आपल्या दिराकडे राहायला आली. तो बंदराच्या लॉरीवर आहे. देवीचंही मूल अडलं. इथल्या सरकारी रुग्णालयात तासाभरात ऑपरेशन झालं. मुलगी झाली होती. बघायला या, अम्मा, म्हणाली.

मी गेले. वीजकेंद्रांच्या धुराड्यांखालची वस्ती, दोन खोल्या, दारापुढे लॉऱ्यांची रांग. बाहेर वाळत घातलेले पांढरे लंगोट राखाडी झालेले. श्वास घेतला की घशात काहीतरी बसायचं. आमचा फॉर्म इथे भरला असता तर रुग्णालय सोडून बाकी प्रत्येक प्रश्नाला शून्य पडलं असतं, आणि ते शून्य खोटं नसतं. देवी भिंतीला टेकून बसली होती, थकलेली, पण बोलत होती, हसत होती. सेल्वीने मला बाळ दिलं. ते अर्ध्या तासात तीनदा खोकलं.

मी सेल्वीची माफी मागितली. साहेबांनी वाचलं नाही, कोणीच वाचत नव्हतं, असं सांगितलं. ते तिला केव्हाच कळलं होतं. समारंभाच्या दिवशी ती मंडपाच्या दारात उभी होती, हे तिने मला तेव्हा सांगितलं. मी विचारलं, इथल्या हवेत हिला कशी वाढवणार? पुदूरला परत जाणार का?

"जागा वाईट आहे, अम्मा," सेल्वी म्हणाली. "पण तिथे राहिले असते तर देवी चांगल्या गावात मेली असती."

ती हे चिडून बोलली नाही. बोलली आणि उठली, फडका ओला करून आणला आणि खिडकीच्या गजांवरची काळी पूड पुसायला लागली. दिवसातून चार वेळा पुसावी लागते, नाही तर बाळाच्या अंगावर येते.